बीपी, एमएमएस, लीक : एका चोरट्या शब्दाचा इतिहास

आजचा भाग हेडफोन लावून ऐका, किंवा वाचताय तर मोबाइल जरा आपल्याकडे वळवून वाचा. घाबरू नका, तसलं काही नाहीये. पण आज ज्या शब्दाबद्दल बोलायचंय तो आपण घरात मोठ्याने उच्चारत नाही. शब्द फक्त दोन अक्षरांचा आहे : बीपी.

घरात 'आईला बीपी आहे' म्हटलं तर कुणाच्या कपाळावर आठी येत नाही. तोच शब्द कॉलेजच्या कट्ट्यावर आला की सगळे खुसुखुसू हसतात. तिथे त्याचा रक्तदाबाशी काही संबंध नसतो. तिथे बीपी म्हणजे ब्ल्यू पिक्चर. हिंदीवाले ब्ल्यू फिल्म म्हणतात, आपल्याकडे बीपी जास्त चालला. कारण सोपं आहे. चारचौघांत बोललं तरी ऐकणाऱ्या काकांना वाटतं, पोरं आजीच्या तब्येतीबद्दल बोलतायत.

निळा कुठून आला?

हा निळा रंग आपला नाही, इंग्रजीतून आलाय. १८२४ सालच्या एका स्कॉटिश शब्दसंग्रहात 'निळा धागा' असा एक वाक्प्रचार नोंदवलाय. गाण्यात, गप्पांत किंवा लिखाणात मध्येच आलेला चावटपणा, असा त्याचा अर्थ. म्हणजे सिनेमाचा शोध लागायच्या कितीतरी आधी 'निळा' हा शब्द बदनाम झाला होता. सिनेमा आल्यावर तो त्याला चिकटला. १९६९ साली अँडी वॉरहॉल या अमेरिकी चित्रकाराने आपल्या एका सिनेमाचं नावच 'ब्लू मूव्ही' ठेवलं होतं.

गंमत बघा, आपल्याकडे पुस्तकांचा रंग वेगळा. फुटपाथवर, एसटी स्टँडच्या आसपास जी चोरून विकली जायची ती 'पिवळी पुस्तकं'. छापील ते पिवळं आणि पडद्यावरचं ते निळं.

बीपी हा शब्द खरा पसरला तो व्हिडिओ कॅसेटमुळे. १९८२ च्या दिल्लीतल्या आशियाई खेळांच्या सुमाराला आपल्याकडे रंगीत टीव्ही आला आणि मागोमाग व्हीसीआर. तो विकत घेणं बहुतेकांच्या खिशाला परवडणारं नव्हतं. मग चाळीत, वाडीत वर्गणी काढून एका रात्रीपुरता टीव्ही आणि व्हीसीआर भाड्याने आणायचा आणि लागोपाठ तीन-चार पिक्चर बघायचे. थिएटरला सेन्सॉर होता, डोअरकीपर होता. कॅसेटला यातलं काहीच नव्हतं. ती वर्तमानपत्रात गुंडाळून कुणाच्याही घरात जाऊ शकत होती.

या काळावर मराठीत सिनेमाही आला. रवी जाधव दिग्दर्शित 'बालक-पालक', २०१३ सालचा. पोस्टरवर ठळक 'बीपी'. चाळीतली चार पोरं एका न कळलेल्या गोष्टीचा अर्थ शोधायला निघतात आणि मोठी माणसं धड उत्तर देत नाहीत, असा तो सिनेमा. त्या नावातला विनोद सगळ्या थिएटरला न सांगता कळला. तीन दशकं लपवून ठेवलेला शब्द सगळ्यांना ठाऊक होता, एवढंच त्यातून सिद्ध झालं.

आता मुद्द्याची गोष्ट. बीपी हा शब्द कोणी बनवला? बघणाऱ्याने. कशासाठी? स्वतःला लपवायला. पडद्यावर जी बाई आहे, जो माणूस आहे, त्यांच्याबद्दल हा शब्द काहीच सांगत नाही. हे लक्षात ठेवा, कारण पुढचा सगळा इतिहास या एका गोष्टीभोवती फिरतो.

'अश्लील' म्हणजे नेमकं काय?

आपला सभ्य शब्द काय? अश्लील. मूळ संस्कृत. 'श्री' म्हणजे शोभा. ती जिच्यात आहे ते श्रील, 'र' चा 'ल' होऊन श्लील. शोभा नसलेलं ते अश्लील. जुन्या काव्यशास्त्रात अश्लीलता हा काव्याचा एक दोष मानलाय आणि त्याचे तीन प्रकार सांगितलेत : ऐकून लाज वाटते ते, किळस वाटते ते आणि अमंगल वाटते ते. म्हणजे मरणाची अशुभ आठवण करून देणारा शब्दसुद्धा त्या हिशेबाने अश्लील!

इथेही तेच. लाज कोणाला? ऐकणाऱ्याला. किळस कोणाला? ऐकणाऱ्याला.

इंग्रजांचा कायदा आला तोही याच बाजूने. १८६० च्या भारतीय दंड संहितेत कलम २९२ होतं, अश्लील पुस्तकं-चित्रं विकण्याबद्दल. अश्लील कसं ठरवायचं, यासाठी १८६८ सालच्या हिक्लिन नावाच्या इंग्लंडमधल्या खटल्याची कसोटी वापरली जायची. ज्याचं मन अशा गोष्टींना सहज बळी पडेल, त्याला हे वाचून बिघडायला होईल का, असा तो प्रश्न. पुन्हा वाचणाराच मध्यभागी.

या कसोटीचा फटका महाराष्ट्रात कोणाला बसला? र. धों. कर्व्यांना. १९२७ ते १९५३ त्यांनी 'समाजस्वास्थ्य' हे मासिक चालवलं. संततिनियमन, लैंगिक आरोग्य, वाचकांच्या शंका, सगळं सरळ भाषेत. त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले. १९३४ च्या खटल्यात त्यांचे वकील होते डॉ. बाबासाहेब आंबेडकर. खटला होता वाचकांच्या लैंगिक प्रश्नांना दिलेल्या उत्तरांवर. बाबासाहेब कोर्टात लढले, पण कर्व्यांना दंड झालाच. अमोल पालेकरांचा 'ध्यासपर्व' हा सिनेमा याच कर्व्यांवर आहे, जमलं तर बघा.

पुढे १९६४ साली मुंबईतल्या एका पुस्तकविक्रेत्याची 'लेडी चॅटर्लीज लव्हर' ही कादंबरी विकल्याबद्दलची शिक्षा सर्वोच्च न्यायालयाने कायम ठेवली. मग चंद्रकांत काकोडकर. त्यांची 'श्यामा' ही कथा 'रंभा' मासिकाच्या १९६२ च्या दिवाळी अंकात आली आणि खटला उभा राहिला. १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्यांची शिक्षा रद्द केली. काळ बदलतो तशा समाजाच्या कल्पना बदलतात, हे न्यायालयाने तेव्हा मान्य केलं. हिक्लिनची कसोटी आपल्याकडे अधिकृतपणे मोडीत निघाली ती २०१४ मध्ये.

आता विचार करा. कर्व्यांच्या उत्तरांनी कोणाचं काय वाईट झालं होतं? काकोडकरांची श्यामा कागदावरची. ती दुखावली जाणार नव्हती, कॉलेज सोडून घरी बसणार नव्हती. शब्दांच्या बाबतीत 'वाचणाऱ्याचं काय होईल' एवढाच प्रश्न विचारला तरी एकवेळ चालून जातं. कॅमेरा आला की दुसरा प्रश्न येतो, कारण कॅमेऱ्यासमोर जिवंत माणूस असतं. तिला विचारलं होतं का?

जळगाव, आणि मग एमएमएस

१९९४ साली जळगावचं प्रकरण उघडकीला आलं. मुलींना, बायकांना जाळ्यात ओढायचं, त्यांचे फोटो काढायचे आणि ते उघड करण्याच्या धमकीवर पुन्हा पुन्हा अत्याचार करायचे, असा तो प्रकार. सगळा महाराष्ट्र हादरला. पण याला नाव काय पडलं? 'वासनाकांड'. इंग्रजीत 'सेक्स स्कँडल'. ज्या गुन्ह्याच्या मुळाशी धमकी आणि जबरदस्ती होती, त्याच्या नावात या दोन्ही गोष्टी नाहीत. नाव ऐकलं की वाटतं, काहीतरी चविष्ट घडलं होतं. फोटोतल्या मुलीने तक्रार करायला पुढे यावं तर तिच्या नावाला हेच 'कांड' कायमचं चिकटणार.

दहा वर्षांनी, २००४ मध्ये, दिल्ली. एका नामांकित शाळेतल्या मुलाने शाळेतल्याच मुलीचं मोबाइलवर चित्रण केलं. दोघंही अल्पवयीन. ते चित्रण एका फोनवरून दुसऱ्या फोनवर गेलं, मग त्याच्या सीडी निघाल्या आणि शेवटी ते एका लिलावाच्या वेबसाइटवर विकायला आलं. जाहिरातीचा मथळा कसा होता माहितीये? मुली मजा करतायत, अशा अर्थाचा. ज्याने चित्रण केलं तो मुलगा मथळ्यात कुठेच नव्हता.

त्यानंतर देशभर एक नवा शब्द रुळला : एमएमएस. खरं तर ते फोनवरून चित्र पाठवायच्या एका सेवेचं नाव. मल्टिमीडिया मेसेजिंग सर्व्हिस, बस. पण 'तिचा एमएमएस आलाय' म्हटलं की सगळ्यांना काय ते कळायचं. २००९ च्या 'देव डी' या हिंदी सिनेमातली चंदा याच प्रकरणावरून सुचलेली. त्या मुलीच्या बाजूने ही गोष्ट बघायचा प्रयत्न त्या सिनेमाने केला, हे मला महत्त्वाचं वाटतं.

बीपी आणि एमएमएस यांत जमीन-अस्मानाचा फरक आहे. एक बनवलेला सिनेमा असतो, दुसरी सरळसरळ चोरी. पण आपण दोन्ही शब्द एकाच सुरात वापरले, तोच डोळा मारून. बघणाऱ्याला लपवणाऱ्या शब्दाने आता गुन्हेगारालाही लपवून टाकलं.

कायद्याने शब्द बदलले

कायदा हळूहळू दुसऱ्या बाजूला वळला. २०१३ मध्ये दंड संहितेत कलम ३५४क आलं. आता ते भारतीय न्याय संहितेत कलम ७७ आहे. त्यातलं एक स्पष्टीकरण प्रत्येकाने पाठ करावं असं आहे. एखाद्या बाईने चित्रणाला होकार दिला असेल, पण ते इतरांना दाखवायला दिला नसेल, तर ते पसरवणं हा गुन्हा आहे. म्हणजे 'तिनेच तर पाठवला होता' ही सबब कायद्याने निकालात काढलीये. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं कलम ६७अ आणखी कडक आहे : उघड लैंगिक कृत्याचा मजकूर इलेक्ट्रॉनिक मार्गाने पुढे पाठवला तर पहिल्याच गुन्ह्याला पाच वर्षांपर्यंत कैद आणि दहा लाखांपर्यंत दंड. 'मी फक्त फॉरवर्ड केलं' हे वाक्य म्हणजे बचाव नाही, कबुली आहे.

आणि सप्टेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने थेट शब्दावरच बोट ठेवलं. लहान मुलांच्या चित्रणाला 'चाइल्ड पोर्नोग्राफी' म्हणू नका, असं न्यायालयाने सांगितलं. कारण त्या शब्दाने असं वाटतं की हा पोर्नचाच एक प्रकार आहे. प्रत्यक्षात ती मुलाच्या शोषणाची नोंद असते. म्हणून ते शब्द वापरा : मुलांचं लैंगिक शोषण आणि अत्याचार दाखवणारं साहित्य. असलं साहित्य नुसतं फोनमध्ये ठेवणंही गुन्हा ठरू शकतं, हेही त्याच निकालात स्पष्ट झालं.

देशाच्या सर्वोच्च न्यायालयाला एक शब्द बदलावासा वाटतो, तो उगाच नाही.

आपलं क्रियापद

आता आपली पिढी. बीपी म्हणणारी पोरं आज पन्नाशीला आली, स्वतःचं खरं बीपी तपासतायत. आपण 'क्लिप' म्हणतो, 'लिंक आहे का' विचारतो. आणि सगळ्यात जास्त काय म्हणतो? 'तिचा व्हिडिओ लीक झाला.' 'व्हायरल झाला.'

शाळेतलं व्याकरण आठवा. झाला. पाऊस झाला, उशीर झाला, तसा व्हिडिओ लीक झाला. जणू नळाचा वॉशर गेला आणि पाणी आपोआप ठिबकलं. नळ गळतो तसा व्हिडिओ गळत नाही. कोणीतरी फोन हातात घेतो, नाव निवडतो आणि बटण दाबतो. मग दुसरा दाबतो, मग तिसरा. त्या वाक्याचा कर्ता असतो, आपण तो गाळतो. आणि वाक्यात नाव मात्र एकटीचंच उरतं : तिचा.

आता तर एखादी मुलगी कॅमेऱ्यासमोर नसली तरी चालतं. इन्स्टावरचा साधा फोटो उचलून एआयने हवं ते बनवतात. तिथे तर 'तिचा व्हिडिओ' हे शब्दच खोटे. तो तिचा नाहीच, बनवणाऱ्याचा आहे.

मी तुम्हाला काय बघा, काय बघू नका हे सांगायला बसलेलो नाही. प्रौढ माणसाने आपल्या खोलीत काय बघावं, यावर वाद घालायचा तर वेगळा भाग करू. माझं मागणं छोटं आहे. पुढच्या वेळी ग्रुपवर कोणी 'अमुकची क्लिप लीक झाली' लिहिलं, तर एकच प्रश्न टाका : कोणी केली? बघा ग्रुप कसा गप्प होतो.

आणि हे तुमच्याबाबत किंवा मैत्रिणीबाबत घडलं असेल, तर लाजेने सगळं डिलीट करून टाकू नका. स्क्रीनशॉट, नंबर, लिंक जपून ठेवा. राष्ट्रीय सायबर क्राइम पोर्टलवर तक्रार करता येते, १९३० हा हेल्पलाइन नंबर आहे. लहान मुलांसाठी १०९८. एकटीने जायची भीती वाटत असेल तर कोणालातरी सोबत घ्या. आणि तुम्हाला कोणी सोबत बोलावलं, तर 'तू काढूच का दिलास' हे वाक्य गिळा. आधी चप्पल घाला आणि निघा.

हा भाग घरी मोठ्यांना ऐकवायची हिंमत असेल तर ऐकवा. भेटू पुढच्या भागात.