दोन भाषांची अभिनेत्री

लहान भाषेच्या कलावंतानें मोठ्या भाषेच्या दरबारीं मान मिळविला म्हणजे स्वजन त्याचा गौरव करितात, आणि तो तेथेंच रमला कीं त्यास दोषही देतात. यांपैकीं न्याय्य काय, याचा निर्णय त्याच्या सबंध कारकीर्दीवरून केला पाहिजे, असें आम्हांस वाटतें. कॅनडांतील फ्रेंचभाषक अभिनेत्री जनव्हिएव्ह ब्यूझोल्ड यांचें चरित्र या विचारास उपयुक्त आहे.

१७६३ च्या पॅरिसच्या तहानें फ्रान्सनें कॅनडावरील आपला हक्क सोडला. राज्य इंग्रजांचें झालें. पण क्वेबेकच्या प्रजेनें आपली भाषा व कॅथलिक धर्म सोडला नाहीं. तेथील शिक्षण पुढें बहुतांशीं धर्मसंस्थेच्याच हातीं राहिलें. १९४२ सालीं माँट्रियल येथें जन्मलेल्या ब्यूझोल्डबाईही बारा वर्षें जोगिणींच्या मठांतील शाळेंत शिकल्या. १९६० सालीं झाँ लसाज यांचें सरकार अधिकारारूढ झालें, आणि 'शांत क्रांति' या नांवानें प्रसिद्ध असलेलें स्थित्यंतर सुरू होऊन शाळा व रुग्णालयें धर्मसंस्थेकडून सरकारकडे येऊं लागलीं. मठांतून निघून नाट्यविद्येकडे वळलेली ही तरुणी त्याच पिढीची होती.

१९६५ सालीं रिदो व्हेर नाटकमंडळीबरोबर त्या पॅरिसला गेल्या, आणि तेथें आलँ रेने यांच्या बोलपटांत त्यांस काम मिळालें. १९६९ च्या 'अ‍ॅन ऑफ द थाउजंड डेज' या इंग्रजी बोलपटांत त्यांनीं आठव्या हेन्रीची राणी अ‍ॅन बोलिन साकार केली व गोल्डन ग्लोब पारितोषिक मिळविलें. ऑस्करसाठींही त्यांचें नामनिर्देशन झालें. त्यांच्या इंग्रजीला फ्रेंच वळण होतें. परंतु इतिहासांतील अ‍ॅनचीं तारुण्याचीं कांहीं वर्षें फ्रान्सच्या राणीच्या सेवेंत गेलीं होतीं, व तिच्या वागण्याबोलण्यावर त्या दरबाराची छाप होती. म्हणून एरवीं जें वैगुण्य ठरलें असतें, तेंच येथें भूमिकेचें भूषण झालें.

यशामागून बंधनही आलें. युनिव्हर्सल कंपनीनें त्याच निर्मात्या-दिग्दर्शकांच्या हाताखालीं स्कॉटलंडच्या मेरी राणीची भूमिका देऊं केली. तशीच राणी, तसाच वेष पुन्हां नको, म्हणून बाईंनीं नकार दिला, आणि कंपनीनें करारभंगाची फिर्याद लाविली.

याच सुमारास त्या मायभूमीच्या चित्रसृष्टींत परतल्या. आन एबेर यांच्या कादंबरीवरून क्लोद झ्यूत्रा यांनीं १९७३ सालीं 'कामूरास्का' हा बोलपट काढला. त्यांत एकोणिसाव्या शतकांतील एका जमीनदाराच्या पत्नीचें, तिच्या कोंडमाऱ्याचें व अपराधाचें चित्र बाईंनीं उभें केलें. त्याचे छायालेखक मिशेल ब्रो यांनीं १९८९ सालीं दूरचित्रवाणीसाठीं 'ले नॉस द पापिये' निर्माण केला. चिलीहून परागंदा झालेल्या एका पुरुषास देशांत राहतां यावें म्हणून केवळ कागदोपत्रीं लग्न करणारी प्राध्यापिका, ही त्यांतील बाईंची भूमिका होय.

त्यांचें पुष्कळसें काम इंग्रजींतच झालें, हा आक्षेप खोटा नाहीं. १९७८ चा 'कोमा', १९८८ चा 'डेड रिंगर्स', २०१२ चा 'स्टिल माइन' हे सर्व इंग्रजीच होत. पण त्या भाषेच्या मोहानें त्या वाटेल तें पत्करीत, असें म्हणवत नाहीं. १९९४ सालीं 'स्टार ट्रेक : व्हॉयेजर' या मालिकेंतील नायिकेची भूमिका, चित्रण सुरू होऊन दोन-तीन दिवस होतात न होतात तोंच, त्यांनीं सोडून दिली.

आम्हांस महत्त्वाची वाटते ती निराळीच गोष्ट. बाई परतल्या, कारण परतावयास घर उभें होतें. राष्ट्रीय चित्रपट मंडळ १९५६ सालीं माँट्रियलला आलें. तेथें ब्रो व झ्यूत्रा यांसारखे लोक तयार झाले. १९६७ सालीं चित्रपटांस भांडवल पुरविणाऱ्या सरकारी महामंडळाचा कायदा झाला. हें कांहीं नसतें, तर मातृभाषेवरील प्रेम मनांत कितीही असलें तरी तें पडद्यावर कोठून दिसलें असतें? जो समाज आपल्या भाषेंत मोठें काम निर्माण करीत नाहीं, त्यानें गेलेल्या कलावंतास कृतघ्न म्हणण्यापूर्वीं आपल्या अंगणाकडे एकवार पाहावें.