म्हाताऱ्यांसाठी मराठी

केशोबासांसारख्या व्युत्पन्न पंडिताने आपल्या गुरुबंधूंपुढे एक प्रस्ताव मांडला आणि तो नाकारला गेला. मराठी गद्याच्या इतिहासातील हा एक निर्णायक क्षण आहे. श्रीचक्रधरांच्या प्रयाणानंतर पंथाची धुरा नागदेवाचार्यांकडे आली होती. केशोबास संस्कृतात रचना करीत होते, ती उत्तम साधतही होती. तेव्हा स्वामींचे वचन संस्कृतात बांधावे असे त्यांना वाटले असेल, तर त्यात नवल नाही. तेराव्या शतकातील विद्वानाला शास्त्र म्हटले की संस्कृतच आठवणार. नागदेवाचार्यांनी मात्र नकार दिला. 'स्मृतिस्थळा'त नोंदवलेले त्यांचे कारण असे की, त्यामुळे आपल्या म्हाताऱ्या नागवल्या जातील. म्हणजे पंथातील वृद्ध स्त्रियांच्या हातून त्यांचे धन हिरावले जाईल.

या उत्तराचा उल्लेख मराठीच्या अभिमानाच्या संदर्भात फार वेळा होतो. तो तसा होणे स्वाभाविक आहे, पण काहीसे दिशाभूल करणारेही आहे. नागदेवाचार्यांच्या तोंडी मराठीची थोरवी नाही, तिच्या गोडव्याचे वर्णन नाही, संस्कृताविषयी रोषही नाही. तेथे फक्त म्हाताऱ्या आहेत. भाषा कोणती असावी हा प्रश्न ते ऐकणाऱ्याच्या बाजूने सोडवतात आणि ऐकणारी कोण, हेही नेमके सांगतात. 'नागवणे' हे क्रियापद येथे विशेष अर्थपूर्ण आहे. ज्याचे काही असते त्यालाच नागवता येते. स्वामींचे वचन या स्त्रियांना कृपा म्हणून द्यायचे नव्हते. ते त्यांचेच होते, कारण ते त्यांना उद्देशून बोलले गेले होते.

ही गोष्ट शब्दशः खरी आहे. 'लीळाचरित्र' उघडले की चक्रधरांभोवतीचा परिवार डोळ्यांपुढे उभा राहतो. त्यात बाइसा आहेत, महदाइसा आहेत, आउसा आहेत. पुरुष शिष्यही आहेत, पण प्रश्न विचारणाऱ्यांत स्त्रियांचा आवाज ठळक आहे. महदाइसा तर विचारल्यावाचून राहतच नाहीत. हे असे का, ते तसे का, अमुक तीर्थाचे माहात्म्य काय, तमुक आचार का पाळायचा. या प्रश्नांना स्वामी जी उत्तरे देतात त्यांची घडण पाहण्यासारखी आहे. वाक्ये आटोपशीर असतात. 'बाई' असे संबोधन येते आणि त्यासरशी विधानाचा सूर बदलतो. सिद्धान्त सांगता सांगता घरातली, शेतातली, वाटेवरची वस्तू पुढे येते आणि सिद्धान्त त्या वस्तूवर टेकतो. पुढच्या प्रश्नाला जागा राहील अशा बेताने उत्तर संपते. हे वक्तृत्व नव्हे, संभाषण आहे. समोरच्या माणसाच्या चेहऱ्यावर समजल्याची किंवा न समजल्याची खूण पाहत पुढे जाणारी ही भाषा आहे.

यात आणखी एक मर्म आहे. परंपरेप्रमाणे चक्रधर मूळचे गुजरातचे, भडोचचे राजपुत्र हरपाळदेव. म्हणजे मराठी गद्याचा हा आद्य आणि अद्यापही फारसा मागे न पडलेला नमुना ज्याच्या मुखातून आला त्याची मातृभाषा मराठी नव्हती. गोदातीरी आणि वऱ्हाडात जे लोक त्याच्यासमोर बसले त्यांची ती भाषा होती. वक्त्याची भाषा श्रोत्याने घडवली, हे विधान एरवी अलंकारिक वाटावे. येथे ते चरित्रातील साधे तथ्य आहे.

या बोलण्याचे पुस्तक झाले तेही श्रोत्यांच्या द्वारेच. म्हाइंभट स्वतः शास्त्रसंपन्न गृहस्थ होते. स्वामींच्या विरहात त्यांनी आठवणी गोळा करण्याचे काम हाती घेतले. ज्यांनी स्वामींना पाहिले, ऐकले त्यांना गाठावे, लीळा विचारून घ्यावी, नागदेवाचार्यांकडून ती पारखून घ्यावी, असा त्यांचा क्रम होता. एकाच प्रसंगाविषयी दोघांच्या स्मरणात अंतर पडले तर ते अंतर महानुभाव परंपरेने पुसून टाकले नाही, सांगणाऱ्याच्या नावासह जपले. आधुनिक संशोधकाला हेवा वाटावा अशी ही शिस्त आहे. मात्र ती आधुनिक वस्तुनिष्ठतेपोटी आलेली नाही. प्रत्येकीने जे ऐकले ते तिचे म्हणून खरे, या श्रद्धेतून ती आली आहे. पुढे यादवांचे राज्य कोसळले. खलजींच्या स्वाऱ्यांच्या धामधुमीत मूळ ग्रंथ गहाळ झाला आणि तो पुन्हा स्मरणातून उभा करावा लागला, असे परंपरा सांगते. त्या पुनर्रचनेत हिराइसेच्या पाठाला मान आहे. म्हणजे ज्या म्हाताऱ्यांसाठी भाषा राखून ठेवली, त्यांपैकीच एकीच्या कानांनी ती पुढच्या पिढ्यांसाठी राखली.

केशोबासांनीही पुढे जे केले ते या नकाराचे फळच म्हणावे लागेल. 'दृष्टान्तपाठा'त त्यांनी एकशे चौदा दृष्टान्त रचून ठेवले. आधी स्वामींचे सूत्र, मग स्वामींनीच सांगितलेला दृष्टान्त, आणि शेवटी दार्ष्टान्तिक, म्हणजे दृष्टान्ताचा उलगडा. हे दार्ष्टान्तिक केशोबासांचे मानले जाते. जाणत्या कानाला या तीन थरांतील फरक लगेच कळतो. हत्ती पाहायला गेलेल्या आंधळ्यांची गोष्ट दृष्टान्तात येते तेव्हा तेथे अंगणात बसून सांगितल्यासारखा सूर असतो. उलगडा सुरू झाला की शब्दांना शास्त्राचे वळण लागते, वाक्य जुळवलेले होते, पदार्थांची नावे येतात. भाषा दोन्हीकडे मराठीच आहे. पण पहिली चेहऱ्यापुढे बोललेली आहे आणि दुसरी अभ्यास करणाऱ्या साधकासाठी लिहिलेली आहे. एकाच पानावर दोन श्रोते आणि म्हणून दोन मराठी, असे उदाहरण इतक्या प्राचीन काळी क्वचितच सापडेल.

येथे एका रूढ समजुतीची दखल घेतली पाहिजे. स्त्रियांसाठी आणि सामान्य जनांसाठी म्हणून सोपी भाषा वापरली, असे पाठ्यपुस्तकांतून सांगितले जाते. 'सोपी' या शब्दात नकळत एक तुच्छता आहे. जणू अवघड ते पंडितांसाठी वेगळे काढून ठेवले आणि उरलेले पातळ करून बायकांना वाढले. वस्तुतः जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर या चार पदार्थांचा सगळा विचार, द्वैताची सगळी मांडणी याच भाषेत झाली आहे. काहीही वगळलेले नाही. सूत्रे तर इतकी घट्ट आहेत की त्यांवर भाष्यांमागून भाष्ये झाली. हे घट्टपण पुन्हा ऐकणारीचीच गरज होती. भिक्षा मागत गावोगाव अटण करणाऱ्या, जवळ पोथी नसलेल्या साधिकेला जे वाटेत मनाशी घोळवता येईल तेच टिकणार होते. तेव्हा भाषा सोपी झाली असे म्हणण्यापेक्षा ती स्मरणाला योग्य झाली असे म्हणणे अधिक न्याय्य ठरेल.

श्रोत्याचा हा निकष दुधारी होता, हेही सांगितले पाहिजे. भास्करभट्ट बोरीकरांनी 'शिशुपाळवध' रचला. काव्य म्हणून ते मराठीचे भूषण आहे. पंथातील ज्येष्ठांनी त्याचे कौतुक केले, पण संसार सोडलेल्यांना हा शृंगार उपयोगाचा नाही, असा अभिप्राय दिला. भास्करभट्टांनी पुढे 'उद्धवगीता' लिहिली. रसिक वाचकाला आजही 'शिशुपाळवध'च अधिक ओढ लावते. श्रोता भाषेला घडवतो तसा तो तिला आवरतोही. ज्या कसोटीने म्हाताऱ्यांचे धन वाचले, तिनेच एका कवीच्या प्रतिभेला बांध घातला.

याच सुमारास, 1290 मध्ये, नेवाशाला ज्ञानदेवांनी गीतेवर मराठीत निरूपण केले. पंथ वेगळा, तत्त्वज्ञान वेगळे, माध्यम ओवीचे. पण श्रोता तेथेही केंद्रस्थानी आहे, किंबहुना तेथे तो पात्रच झाला आहे. ज्ञानदेव श्रोत्यांकडे अवधान मागतात, त्यांचे लाड पुरवतात, विषयांतर झाले की क्षमा मागतात. निवृत्तिनाथ मध्येच बोलून त्यांना मूळ विषयाकडे वळवतात. अर्जुन हा तर श्रीकृष्णाचा असा श्रोता की त्याच्यावरील प्रेमाने देवाला बोलण्याचे भरते येते. आणि या सगळ्या सोहळ्यात ज्ञानदेव एक न ऐकणारा श्रोताही आणून बसवतात. नवव्या अध्यायाच्या अखेरीस संजय भारावून गेला आहे, आणि समोर धृतराष्ट्र पुराच्या पाण्यात निवांत पडलेल्या रेड्यासारखा स्वस्थ बसला आहे. संजयाला याचे वाईट वाटते, मग तो स्वतःच्याच भाग्याने सुखावतो. मूळ गीतेत धृतराष्ट्राच्या या मुद्रेचे वर्णन नाही, ते ज्ञानदेवांना सुचले. ज्याला बोलण्यातील सुख ऐकणाऱ्याशी बांधलेले आहे हे इतके पक्के ठाऊक होते, त्यालाच ऐकण्याच्या अभावाचे हे चित्र सुचावे.

महानुभावांच्या कथेला मात्र पुढे विलक्षण वळण लागले. चौदाव्या शतकापासून पंथाने आपले ग्रंथ सांकेतिक लिप्यांत बंद केले. सकळ लिपी ही त्यांतील सर्वांत प्रसिद्ध. अक्षरांची अदलाबदल करून लिहिलेले हे ग्रंथ दीक्षितांवाचून कोणालाही वाचता येत नव्हते. म्हाताऱ्यांना कळावी म्हणून जी भाषा संस्कृतात जाऊ दिली नाही, तीच इतर सगळ्यांना कळू नये अशी व्यवस्था झाली. यात विसंगती दिसते खरी. पण पंथावर ओढवलेले संशयाचे आणि द्वेषाचे दिवस ध्यानी घेतले की तर्क तोच असल्याचे दिसते. बोलणे ज्याच्यासाठी आहे त्यालाच मिळावे, हा तो तर्क. फक्त ऐकणाऱ्यांचे वर्तुळ भीतीने आकसले होते. किंमत मात्र मोठी पडली. सुमारे सहा शतके मराठीचे सर्वांत जिवंत गद्य मराठी लेखकांच्या कानांवर पडलेच नाही. विसाव्या शतकाच्या आरंभी इतिहासाचार्य राजवाड्यांसारख्या संशोधकांनी लिपीचा उलगडा केला, काही महंतांनी विश्वासाने पोथ्या खुल्या केल्या, तेव्हा कोठे ते गद्य उजेडात आले. तोवर आधुनिक मराठी गद्य इंग्रजीच्या सहवासात वाढून मोठे झाले होते. चिपळूणकरांच्या लांब, तोललेल्या वाक्याला 'लीळाचरित्रा'च्या वाक्याची ओळखही नव्हती.

श्रोता पाहून भाषा निवडण्याचे दुसरे मोठे उदाहरण दक्षिणेकडे, गोव्यात घडले, आणि तेथे बोलणारा आणखी दूरचा होता. थॉमस स्टीफन्स हा इंग्रज जेझुइट 1579 मध्ये गोव्यात आला. नवख्रिस्ती लोकांना धर्मतत्त्वे शिकवण्यासाठी त्याने कोकणीत 'दौत्रिन' लिहिली, कोकणीचे व्याकरणही रचले. पण ख्रिस्ताची कथा सांगायची वेळ आली तेव्हा त्याने कोकणी सोडून मराठी ओवी हाती घेतली. कारण उघड आहे. साष्टीचे लोक घरी कोकणी बोलत, पुराण मात्र मराठीतून ऐकत. प्रश्नोत्तरे घरच्या भाषेत चालतात, पण कथेला कान ज्या लयीची सवय लावून बसलेला असतो तीच लय लागते. जुनी पुराणे हातून गेलेल्या त्या श्रोत्यांना त्याने सुमारे अकरा हजार ओव्यांचे नवे पुराण दिले. ते 1616 मध्ये रायतूर येथे रोमन लिपीत छापले गेले. 1684 मध्ये पोर्तुगीज सत्तेने देशी भाषांवर बंदीचा हुकूम काढला, पण 'ख्रिस्तपुराण' टिकले. गोवा सोडून मंगळूरकडे गेलेल्या ख्रिस्ती कुटुंबांनी ते सोबत नेले आणि तेथे ते पिढ्यान्‌पिढ्या वाचले, गायले गेले. 1907 ची प्रसिद्ध आवृत्तीही मंगळूरचीच आहे.

मंगळूरच्या त्या घरांत मराठी कोणाची मातृभाषा नव्हती. ती पुराणाची भाषा होती. हेच दुसऱ्या टोकाला, उत्तरेत घडले. महानुभाव पंथ महाराष्ट्राबाहेर पंजाबात पोहोचला, तेथून काबूलपर्यंत त्याचे अनुयायी झाले. 'जयकृष्णी' या नावाने ते ओळखले जाऊ लागले. चक्रधरांचे वचन जसेच्या तसे ठेवायचे, या निष्ठेने तेथेही ग्रंथ मराठीच राहिले. पंजाबी घरातील मूल दीक्षा घेऊन मठात येई आणि तेराव्या शतकातील वऱ्हाडी-गोदातीरीची मराठी शास्त्रभाषा म्हणून शिकू लागे, जशी केशोबासांच्या काळातील मुले संस्कृत शिकत. रिद्धपूरच्या म्हाताऱ्यांना जी आपसूक कळत होती ती येथे गुरूकडून, अर्थ लावत, पाठ करत मिळवावी लागली. नागदेवाचार्यांपुढे लाहोरकडची एखादी वृद्धा येऊन बसली असती आणि तिने पंजाबीत प्रश्न विचारला असता, तर केशोबासांना त्यांनी कोणत्या भाषेत लिहायला सांगितले असते, हा प्रश्न पंथाच्या इतिहासात कोणी विचारलेला दिसत नाही.