जलंब ते खामगाव

जलंब जंक्शनपासून खामगावपर्यंत रेल्वेचा एक फाटा जातो, जेमतेम १३ किलोमीटरचा. १८७० साली त्याच्या उद्घाटनाला व्हाइसरॉय लॉर्ड मेयो जातीनं आले होते. एवढ्याशा फाट्यासाठी हिंदुस्थानचा सर्वात मोठा साहेब वऱ्हाडात आला, तो आमच्या गावाच्या प्रेमापोटी नव्हे. मँचेस्टरच्या गिरण्यांना कापूस हवा होता आणि तो खामगावच्या बाजारात ढिगानं पडलेला असे.

मी खामगाव तालुक्यातलाच. उमेदीची सगळी वर्षं जिनिंगमध्ये ग्रेडर म्हणून गेली. गाडीतल्या वरच्या थराला भुलायचं नाही, खाली हात घालून मूठभर कापूस काढायचा, सरकीपासून रुई सोडवायची, दोन्ही हातांच्या चिमटीत धागा ओढून त्याची लांबी पाहायची, पाला किती, कवडी किती, ओल किती ते जोखायचं आणि भाव बोलायचा. भाव मी बोलायचो, पण तो माझा नसे आणि जिनिंगच्या मालकाचाही नसे. तो मुंबईहून आलेला असे आणि मुंबईला न्यूयॉर्कहून. त्यामुळे जागतिकीकरण १९९१ साली आलं असं कोणी व्याख्यानात सांगितलं, की मला राहवत नाही. खामगावात ते त्याच्या सव्वाशे वर्षं आधी येऊन बसलं होतं.

त्याच्याही आधी आमचा कापूस दूरदेशी जातच होता. बंजाऱ्यांचे तांडे तो बैलांच्या पाठीवर लादून शेकडो मैलांवरच्या मिर्झापूरला नेत, तिथून गंगेनं तो कलकत्त्याकडे जाई. वाटेत पावसानं भिजे, धुळीनं भरे, पण जाई. पुढे १८५३ साली निजामानं फौजेच्या खर्चापोटी वऱ्हाड इंग्रजांच्या ताब्यात दिलं. आणि १८६१ साली अमेरिकेत यादवी सुरू झाली. उत्तरेच्या आरमारानं दक्षिणेची बंदरं अडवली. लँकेशायरचा बहुतेक कापूस त्याच बंदरांतून यायचा.

त्या चार वर्षांत मुंबईत कापसाचा भाव तिपटी-चौपटीनं चढला. शेतकऱ्यांनी गाडीच्या चाकांना चांदीच्या धावा ठोकल्याच्या गोष्टी तेव्हापासून सांगितल्या जातात. मुंबईत तर शेअरचं वेड लागलं. समुद्र बुजवून जमीन काढणाऱ्या कंपन्या निघाल्या, प्रेमचंद रायचंद हे नाव घरोघरी गेलं. आज आपण जो राजाबाई टॉवर पाहतो तो त्यांच्याच देणगीचा, आईच्या नावानं उभा राहिलेला. त्या टॉवरच्या दगडांत कापसाचा पैसा आहे असं मी मानतो.

पण त्याच वेळी लँकेशायरमध्ये काय चाललं होतं, ते आपल्याकडे क्वचितच कोणी सांगतं. तिथल्या गिरण्या बंद पडल्या. १८६२च्या हिवाळ्यात जवळजवळ पाच लाख माणसं मदतीच्या अन्नावर जगत होती. तरीही मँचेस्टरच्या कामगारांनी सभा घेऊन गुलामगिरीविरुद्ध लढणाऱ्या लिंकनला पाठिंबा कळवला आणि जानेवारी १८६३मध्ये लिंकननं त्यांना उत्तर धाडलं. एकीकडे उपाशी कामकरी, दुसरीकडे चांदीच्या धावांच्या गोष्टी, आणि दोहोंच्या मागे कापूस वेचणारा अमेरिकेतला गुलाम. यातल्या कोणीही इतर दोघांचं तोंड पाहिलेलं नव्हतं. जगाच्या बाजाराबद्दल एकाच माणसाला विचारून मत बनवू नये, हे मला या चार वर्षांनी शिकवलं.

१८६५च्या एप्रिलमध्ये लढाई संपत आली आणि भाव कोसळला. मुंबईत पेढ्या बुडाल्या, बँक ऑफ बॉम्बेसुद्धा तगली नाही. गावांत मात्र ही पडझड सावकाश पोचली. चढत्या भावाच्या भरवशावर काढलेलं कर्ज कागदावर तसंच राहिलं, सारा रोखीनंच द्यायचा राहिला, उतरला तो फक्त कापूस. पुणे आणि नगर जिल्ह्यांत त्याचा भडका उडाला. १२ मे १८७५ रोजी सुप्याच्या बाजारात शेतकऱ्यांनी सावकारांची दुकानं फोडली, खतं-रोखे जाळले. त्यातून १८७९चा दख्खनच्या शेतकऱ्यांचा कायदा झाला. भाव कोसळणं हे त्या दंग्याचं एकच कारण नव्हतं, साराही वाढला होता. पण लिव्हरपूलच्या कापूस बाजारातल्या भावाची झळ सुप्यापर्यंत पोचली होती, यात मला शंका नाही.

वऱ्हाडात इंग्रजांनी उलट आणखी जोर लावला. रिव्हेट-कार्नॅक नावाचा अधिकारी कापूस कमिशनर झाला. १८६७पर्यंत रेल्वे वऱ्हाड ओलांडून नागपूरला पोचली, १८६९ साली सुवेझ खुला झाला आणि १८७०मध्ये समुद्राखालच्या तारेनं मुंबई लंडनशी जोडली गेली. त्याच वर्षी हा जलंबचा फाटा. विंटरथूरच्या फोल्कार्ट ब्रदर्सनी त्याच सुमारास खामगावात खरेदी सुरू केली. स्वित्झर्लंडच्या पेढीला खामगाव ठाऊक होतं, हे आज ऐकताना नवल वाटतं. पुढे १८९३मध्ये टाटांच्या पुढाकारानं जपानी जहाजांची मुंबई-कोबे वाहतूक सुरू झाली. लांब धाग्याच्या इंग्रजी गिरण्या आमच्या आखूड धाग्याला नाकं मुरडत, तो जपानी गिरण्यांना चालून गेला. गिऱ्हाईक बदललं आणि वऱ्हाड तगलं, हा त्या बाजाराचा खरा उपकार. आमच्या गावाला रजतनगरी म्हणतात. ते नाव मिळवून देणाऱ्या सराफ्याला कापसाच्या पैशानं मोठाच हात दिला, असं मी समजतो.

बंजाऱ्यांचं काय झालं? रेल्वेनं त्यांच्या बैलांची पाठ मोकळी केली आणि पोटही. वर १८७१मध्ये गुन्हेगार जमातींचा कायदा आला. ज्यांनी शतकानुशतकं देशाचा माल वाहिला, त्यांच्या फिरण्याकडेच सरकार संशयानं पाहू लागलं. बाळापूरच्या पागोट्यांना एके काळी नाव होतं. विलायती सूत आणि कापड स्वस्त झालं तसे तिथले विणकर मागे पडले. स्वस्त कापड गरिबाच्या अंगावर आलं हेही खरं, आणि विणकराचा माग बसला हेही खरं. या दोन खऱ्या गोष्टींची वजाबाकी कशी करायची, हे मला कोणत्याही अर्थशास्त्रानं पटेल असं सांगितलेलं नाही.

ज्वारीच्या रानात कापूस शिरत गेला. मग १८९६-९७ आणि १८९९-१९००चे दुष्काळ आले. १८९१ साली वऱ्हाडची लोकसंख्या २८.९७ लाख होती, १९०१ साली ती २७.५४ लाखांवर आली. काळीभोर जमीन, रेल्वे, तार, जगभराचे व्यापारी असलेल्या मुलखात माणसं घटली. रेल्वेनं बाहेरून दाणा आणताही येत होता. पण रानात काम नव्हतं आणि मजुराच्या हाती दाणा घ्यायला पैसा नव्हता. ज्याची पेवं भरलेली असती तो तरला असता, पण पेवांत ठेवायची ज्वारी रानात कमी आणि कापूस जास्त झाला होता.

म्हणून मला असं वाटतं: आम्हाला जगाच्या बाजारानं मारलं नाही. त्या बाजारात आम्हाला डोक्यावर कर्ज लादून, पीक येताच विकणं भाग पाडून उभं केलं, त्यानं मारलं.

स्वातंत्र्यानंतर दार उलट्या बाजूनं लागलं. १९७२ साली महाराष्ट्रात कापूस एकाधिकार खरेदी योजना सुरू झाली. कापूस सरकारलाच विकायचा, राज्याबाहेर न्यायचा नाही. सुरुवातीला शेतकऱ्याला हमी वाटली. पुढे चुकारे रखडू लागले, तोटा वाढला, सीमेपलीकडे चोरटा कापूस जाऊ लागला. शरद जोशींच्या शेतकरी संघटनेनं या सगळ्यावर रान उठवलं. त्या आंदोलनात १९८६च्या डिसेंबरात सुरेगावला पोलिसांच्या गोळीबारात तीन शेतकरी गेले. तेच जोशी पुढे जागतिक व्यापार खुला करू पाहणाऱ्या डंकेल प्रस्तावाच्या बाजूनं ठाम उभे राहिले. सरकार शेतकऱ्याला अनुदान देत नाही, भाव पाडून उलटी लूट करते, आणि जग खुलं झालं तर ही लूट थांबेल, असं त्यांचं म्हणणं. शेतकरी नेते विजय जावंधियांनी याविरुद्ध सतत मांडलं की अमेरिकन शेतकरी अनुदानाच्या उशीवर झोपून कापूस विकतो, त्याच्याशी आमच्या कोरडवाहू माणसाची स्पर्धा कसली? पुढे ब्राझीलनं याच अनुदानाविरुद्ध जागतिक व्यापार संघटनेत दावा लावला आणि जिंकला. मला दोघांचंही पटतं. दार उघडा म्हणणाऱ्याचंही आणि पलीकडे उभ्या असलेल्याचे हात तपासा म्हणणाऱ्याचंही.

२००२मध्ये बीटी कापूस आला. उत्पादन वाढलं, देशाची कापूस निर्यात वाढली, जिनिंगला बरकत आली. बियाणं, खत, फवारणीचा खर्चही वाढला, मग गुलाबी बोंडअळी बीटीलाही दाद देईना. २०१७मध्ये यवतमाळ जिल्ह्यात फवारणीच्या विषबाधेनं वीसहून अधिक माणसं दगावली, त्यांत कितीतरी मजूर होते. जिनिंगमध्ये आधी बाया डबल रोलरच्या रांगेत उभ्या राहून हातानं कापूस टाकायच्या, दिवसभर तंतू नाकातोंडात जायचा. यंत्रानं कापूस भरणं आलं, बायांची छाती वाचली आणि त्यांची रोजीही गेली. वेचणीच्या पहिल्या दिवशी रानात सीतादहीची पूजा करणाऱ्या याच बाया. भाव चढला म्हणून किलोमागे त्यांची वेचाई त्याच मापानं चढलेली मी पाहिली नाही.

मार्च २०११मध्ये न्यूयॉर्कला कापूस पौंडाला दोन डॉलरच्या वर गेला आणि वर्तमानपत्रांनी अमेरिकन यादवीनंतरचा उच्चांक म्हणून बातम्या दिल्या. वर्षभरातच, मार्च २०१२मध्ये, सरकारनं कापसाची निर्यात एकाएकी बंद केली, मग ओरड झाल्यावर माघार घेतली. २०२५च्या ऑगस्टात आयातीवरचं ११ टक्के शुल्क माफ झालं, पुढे ती मुदत डिसेंबरअखेरपर्यंत वाढली. अमेरिकेनं ५० टक्के कर लादल्यानं तिरुपूरचा कापडवाला अडचणीत होता, त्याला स्वस्त कापूस हवा होता, आणि त्याच्याकडेही हजारो कामगारांचं पोट आहे. पण मुदत अशी की आमची वेचणी ऐन भरात असताना बाहेरचा कापूस बिनशुल्क यावा. दार उघडलं ते गिरणीसाठी, आणि २०१२मध्ये लावलं तेही गिरणीसाठीच.

त्या हंगामात लांब धाग्याचा हमीभाव क्विंटलला ८,११० रुपये होता. सरकारी कापूस महामंडळाला, म्हणजे सीसीआयला, विकायचा तर मोबाईलवर नोंदणी, सातबारा, ओलाव्याची अट आणि वाट पाहण्याची ताकद लागते. ज्याच्या मागे कृषी केंद्राची उधारी आणि लेकीचं लग्न आहे, तो थांबू शकत नाही. त्याच्या दारात खेडा खरेदीवाला काटा घेऊन उभा असतो, रोख देतो आणि हमीभावापेक्षा कमी देतो. मी ग्रेडर असताना अशा गाड्या पुढे जिनिंगवर व्यापाऱ्याच्या नावानं यायच्या. मूठ काढून धागा ओढला की कापूस अव्वल निघायचा, आणि मी बोललेला वरचा भाव व्यापाऱ्याच्या पट्टीवर चढायचा.