पाणी, फानी, हानी

३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्रीय मंत्रिमंडळानं मराठीला अभिजात भाषेचा दर्जा दिला. आपल्याकडे पेढे वाटले गेले, आणि ते योग्यच होतं. त्याच बैठकीत हा मान बंगालीलाही मिळाला. आनंदाच्या भरात तिकडे आपलं फारसं लक्ष गेलं नसावं. मला मात्र त्या दिवशी बंगालीतला एक साधा शब्द आठवत राहिला. पाणी.

बंगालीशी माझी ओळख पुस्तकातली. तरुणपणी रवींद्रनाथ मुळातून वाचावेत या हौसेपायी लिपी गिरवली, शब्दकोश घेऊन बसलो. पुढे एकदा मुंबईच्या झवेरी बाजारात सोन्याचं काम करणाऱ्या एका बंगाली कारागिराशी मी मोठ्या ऐटीत त्याच्या भाषेत बोललो. तो मेदिनीपूरकडचा. त्यानं सगळं ऐकून घेतलं आणि हसत म्हणाला, ''दादा, हे तर रेडिओवरच्या बातम्यांचं बंगाली. आमच्या घरी असं कुणी बोलत नाही.'' मी ओशाळलो. पण त्या एका वाक्यानं मला पुस्तकाबाहेरच्या बंगालीची वाट दाखवली.

आता पाण्याची गोष्ट. आपल्या महाराष्ट्रात पाणी हे सगळ्यांचं पाणी. माझी आई वजूसाठी पाणी घेई, शेजारच्या काकू तुळशीला पाणी घालीत. शब्द एकच. बंगालमध्ये तसं नाही. ढोबळमानानं सांगायचं तर हिंदू घरात 'जल' म्हणतात, त्याचा उच्चार 'जोल' असा. मुसलमान घरात 'पानी' म्हणतात. तहान लागलेला माणूस काय मागतो यावरून त्याचा धर्म ओळखता येतो. गंमत अशी, की 'पानी' हा शब्द अरबी नाही, फारसीही नाही. तो आपल्या 'पाणी'सारखाच संस्कृत 'पानीय'वरून आलेला. हरप्रसाद शास्त्री यांना १९०७ साली नेपाळ दरबारच्या ग्रंथालयात जी जुनी चर्यापदं सापडली, ती बंगालीतली सर्वांत जुनी कविता मानली जाते. सुमारे हजार वर्षांपूर्वीच्या या बौद्ध सिद्धांच्या पदांमध्ये भुसुकूच्या हरणाच्या पदात 'पाणी' हाच शब्द आहे. म्हणजे ज्या शब्दाला पुढे मुसलमानी म्हटलं गेलं, तो बंगालीच्या पाळण्यातलाच शब्द होता.

हा झाला धर्माचा फरक. प्रदेशाचे फरक याहून कितीतरी अधिक. 'मी जाईन' हे वाक्य घ्या. कोलकात्याचा माणूस म्हणेल 'आमि जाबो'. ढाका-मैमनसिंहकडे 'जामु' ऐकू येतं, सिल्हेटमध्ये 'जाइमु', चितगावात 'जाइयुम'. उत्तरेला रंगपूरचा शेतकरी म्हणतो 'मुइ जाइम'. हा 'मुइ' आपल्या 'मी'चा सख्खा नातेवाईक वाटावा असा. 'जाणार नाही' म्हणताना कोलकात्यात नकार क्रियापदाच्या मागून येतो, चितगावात तो पुढे येऊन उभा राहतो. आणि 'प'चं काय होतं पाहा. सिल्हेटला पाणी 'फानी' होतं, नोआखालीला 'हानी' होतं. आपल्या कानाला ते चमत्कारिक वाटेल, पण तिथल्या माणसाची तहान त्या 'हानी'नंच भागते.

मग यातली खरी बंगाली कोणती? या प्रश्नाचं उत्तर इतिहासानं वेळोवेळी वेगळं दिलं आहे. बंगालीचं पहिलं छापील व्याकरण १७४३ साली लिस्बनमध्ये निघालं. ते मानुएल द अस्सुम्पसाव या पोर्तुगीज धर्मोपदेशकानं लिहिलं होतं, रोमन लिपीत. गोव्यात राशोलला १६४० साली फादर स्टीफन्सचं कोकणीचं व्याकरण छापलं गेलं होतं, त्याच परंपरेतलं हे काम. हा धर्मोपदेशक राहत होता ढाक्याजवळच्या भावालमध्ये. त्यामुळे त्याच्या कानावर पडली ती पूर्व बंगालच्या खेड्यातली बोली, आणि तीच त्यानं लिहून काढली. म्हणजे छापखान्यात आधी पोचली ती भावालची बोली, कोलकात्याची नव्हे.

पुढे सत्ता कोलकात्यात एकवटली आणि भाषेचं केंद्रही तिथं सरकलं. १८०० साली फोर्ट विल्यम कॉलेज निघालं. तिथं बंगाली शिकवणारे विल्यम केरी आपल्यालाही परके नाहीत. याच केरींनी १८०५ साली मराठीचं व्याकरण छापलं आणि १८१० साली मराठीचा कोश काढला. १८०१ साली त्यांनी 'कथोपकथन' नावाचं संवादांचं पुस्तक केलं. त्यात मजूर, कोळी, भांडणाऱ्या बायका, सावकार अशा तऱ्हेतऱ्हेच्या लोकांची बोलणी आहेत. पण त्या कॉलेजच्या पंडितांनी गद्याला जी दिशा दिली ती निराळी होती. संस्कृत शब्दांनी भरलेली, लांब क्रियापदांची 'साधु भाषा' तयार झाली. ती लिहायची, बोलायची कुणीच नाही. १९१४ साली प्रमथ चौधुरी यांनी 'सबुज पत्र' हे मासिक काढून बोलण्यातली 'चलित' भाषा लिहिण्यात आणायचा आग्रह धरला. रवींद्रनाथ त्यांच्या बाजूनं उभे राहिले. 'घरे बाइरे' ही त्यांची कादंबरी चलित भाषेतच आहे. क्रांती मोठी होती. पण ही चलित भाषा कुणाची? नदिया जिल्ह्यातलं कृष्णनगर, शांतिपूर आणि कोलकाता, या भागीरथीकाठच्या भद्र लोकांची. एका नदीच्या एका काठावरची बोली अशी प्रमाण झाली, आणि पद्मेच्या, मेघनेच्या, सुरमेच्या काठचे लोक एका रात्रीत गावंढळ ठरले.

कोलकात्यात पूर्वेकडच्या माणसाला 'बांगाल' म्हणत. त्याचं 'खाइतासि' ऐकून लोक हसत. खरं तर साधु भाषेत 'मी खातो आहे'साठी 'खाइतेछि' लिहीत. त्या रूपाच्या जवळ कोण, 'खाच्छि' म्हणणारा कोलकातेकर की 'खाइतासि' म्हणणारा ढाकेकर, हे तुम्हीच ठरवा. फाळणीनंतर पूर्वेकडून निर्वासितांचे लोंढे आले तेव्हा ते आपली ही बोली घेऊनच आले. विक्रमपूरचे भानु बंद्योपाध्याय यांनी चित्रपटांतून ती बोली इतक्या झोकात वापरली, की जे तिला हसत होते तेच तिच्यावर लुब्ध झाले.

आता मी मूळ मुद्द्याकडे येतो. २१ मार्च १९४८ रोजी ढाक्याच्या रेसकोर्स मैदानावर महंमद अली जीना यांनी जाहीर केलं, की पाकिस्तानची राज्यभाषा उर्दूच राहील. जीनांची मातृभाषा गुजराती आणि ते भाषण होतं इंग्रजीत. समोरच्या लोकांची भाषा यांपैकी कोणतीच नव्हती. पाकिस्तानातल्या निम्म्याहून अधिक लोकांची भाषा बंगाली होती. त्याच्या महिनाभर आधी धीरेंद्रनाथ दत्त यांनी संविधान सभेत बंगालीसाठी ठराव मांडला होता. तो फेटाळला गेला. असंतोष धुमसत राहिला, आणि २१ फेब्रुवारी १९५२ रोजी जमावबंदी मोडून विद्यार्थी रस्त्यावर आले. वैद्यकीय महाविद्यालयाच्या वसतिगृहाजवळ पोलिसांनी गोळीबार केला.

या आंदोलनातले हुतात्मे म्हणून पाच नावं नेहमी घेतली जातात. ती आपण वाचतो आणि पुढे जातो. मला वाटतं, त्यांची गावंही वाचली पाहिजेत. अबुल बरकत ढाका विद्यापीठाचा विद्यार्थी, तो मूळचा मुर्शिदाबादचा, म्हणजे आजच्या पश्चिम बंगालचा. रफिकउद्दीन माणिकगंजचा, वडिलांच्या छापखान्यात मदत करणारा. अब्दुल जब्बार मैमनसिंह जिल्ह्यातल्या गफरगावचा. तो सासूच्या उपचारासाठी ढाक्याला आला होता. अब्दुस सलाम एका सरकारी कचेरीत शिपाई, गाव फेणीकडचं. तो जखमी झाला आणि पुढे रुग्णालयात वारला. दुसऱ्या दिवशीच्या गोळीबारात गेलेला शफिउर रहमान हायकोर्टातला कर्मचारी, मूळचा हुगळीकाठच्या कोन्नगरचा. पाच माणसं, पाच जिल्हे. या पाचांपैकी बहुतेकांच्या गावची बोली प्रमाण बंगालीहून वेगळी होती. सलामच्या मुलखात पाण्याला 'हानी' म्हणतात. जी भाषा पुस्तकात शुद्ध म्हणून छापली जात होती, ती त्याच्या आईला बोलता आली नसती. तरी त्या भाषेसाठी तो गेला. तो 'बांगला' म्हणत होता तेव्हा त्यात आईची फेणीकडची बोलीही होती, दुसरं काय?

१९५६ च्या संविधानानं उर्दूबरोबर बंगालीलाही राज्यभाषा मानलं. १९७१ साली बांगलादेश झाला. त्याच वर्षी धीरेंद्रनाथ दत्त यांना पाकिस्तानी लष्करानं पकडून नेलं आणि मारलं. १९९९ साली युनेस्कोनं २१ फेब्रुवारी हा आंतरराष्ट्रीय मातृभाषा दिन ठरवला. हे सगळं आपल्याला ठाऊक असतं. त्यामानानं कमी ठाऊक असतं ते डॉ. मुहम्मद शहीदुल्ला यांचं काम.

शहीदुल्ला जन्मले १८८५ साली चोवीस परगण्यात. संस्कृत घेऊन बी. ए. झाले. कोलकाता विद्यापीठात पुढच्या शिक्षणासाठी गेले तेव्हा, मुसलमानाला वेद शिकवणार नाही, असं एका पंडितानं सांगितलं. सर आशुतोष मुखर्जींनी मार्ग काढला आणि ते तौलनिक भाषाशास्त्राकडे वळले. एक दार बंद झालं म्हणून बंगालीला असा भाषापंडित मिळाला. उतारवयात त्यांनी ढाक्याच्या बांगला अकादमीत एक काम हाती घेतलं. चितगाव, सिल्हेट, नोआखाली, बारिसाल, रंगपूर, जिल्ह्याजिल्ह्यातून शब्द गोळा केले आणि १९६५ साली पूर्व पाकिस्तानच्या प्रादेशिक बोलींचा शब्दकोश संपादून छापला. त्यात शेतकऱ्याचे, नावाड्याचे, चुलीपुढच्या बाईचे शब्द आहेत. ढाक्याच्या हुतात्म्यांचं स्मारक म्हणून शहीद मिनार आहेच. मला हा कोश त्यांचं दुसरं स्मारक वाटतो. सलामच्या आईचे शब्द त्यात सापडतात.

सीमेच्या अलीकडेही हेच घडलं. १९४७ च्या सार्वमतानंतर सिल्हेट पाकिस्तानात गेलं, पण त्याचा एक तुकडा आसामात राहिला आणि पुष्कळ सिल्हेटी कुटुंबं बराक खोऱ्यात आली. १९६० च्या कायद्यानं आसामात असमिया ही राजभाषा झाली. त्याविरुद्ध १९ मे १९६१ रोजी सिल्चर रेल्वे स्टेशनवर सत्याग्रह झाला. गोळीबारात अकरा जण गेले. त्यांत कमला भट्टाचार्य होती. नुकतीच मॅट्रिकची परीक्षा दिलेली मुलगी, जन्म सिल्हेटचा. तिच्या मुलखातही पाणी मागणारा 'फानी' मागत असे. ढाक्याला गेले ते मुसलमान तरुण, सिल्चरला गेले ते बहुतेक हिंदू घरांतले. मागणी एकच होती. यानंतर बराक खोऱ्यात बंगालीला स्थान मिळालं.

कवी म्हणून मला आणखी एक गोष्ट महत्त्वाची वाटते. सय्यद शमसुल हक हे कुडिग्रामचे. त्यांनी 'पराणेर गहीन भितर' ही सुनीतांची माळ बोलीभाषेत लिहिली, नूरलदीनवरचं काव्यनाटक रंगपूरच्या बोलीत रचलं. ते वाचून प्रमाण बंगाली बिघडली नाही, ती श्रीमंत झाली. आपल्याकडे तरी वेगळं काय झालं? ढाक्याला गोळीबार झाला त्याच १९५२ साली 'बहिणाबाईंची गाणी' हे पुस्तक निघालं. खानदेशच्या शेतातली ती बोली छापून आली आणि मराठी कविता कायमची बदलली.

शेवटी थोडं घरचं. माझ्या घरी दखनी बोलली जाते. आई चहा नाकारताना म्हणायची, 'नक्को'. हा शब्द मराठीचाच, आमच्या घरात येऊन जरा जाड झालेला. माझ्या कवितावाचनानंतर अजूनही कुणीतरी प्रेमानं जवळ येतं आणि म्हणतं, ''मुसलमान असून तुमचं मराठी किती शुद्ध आहे हो!'' त्या माणसाचा हेतू चांगला असतो. मी आभार मानतो. पण मनात येतं, शुद्ध म्हणजे काय? आईचं 'नक्को' माझ्या कवितेतून गाळलं, म्हणून मी शुद्ध झालो का?

दोन्ही भाषा आता अभिजात झाल्या आहेत. अभिजात म्हणजे जुनी, श्रेष्ठ वाङ्मय असलेली. पण भाषेचं वय तिच्या ग्रंथांबरोबर तिच्या बोलींतही मुरलेलं असतं. अजून उशीर झालेला नाही. गावाकडच्या म्हाताऱ्या माणसाशेजारी एखादी संध्याकाळ बसा, आणि तो पाण्याला, पावसाला, भुकेला काय म्हणतो ते लिहून घ्या. आई होती तोवर मला हे सुचलं नाही. आता मी वहीत तिचे आठवतील तेवढे शब्द लिहून काढतो आहे. पहिल्या पानावर 'नक्को' लिहिलं आहे.