मधली माणसं कुठे गेली?

बीड जिल्ह्यातल्या आष्टी तालुक्यात सावरगावच्या डोंगरावर मच्छिंद्रनाथांची समाधी आहे. आमच्याकडे त्या जागेला मायंबा म्हणतात. पलीकडे पाथर्डीच्या अंगाला मढीचे कानिफनाथ, इकडे पाटोदा तालुक्यात गहिनीनाथ. आजी या तिघांविषयी अशी बोलायची, की नाथ आत्ताच झोळी घेऊन वेशीतून गेले आणि आपण जरा लवकर उठलो असतो तर गाठ पडली असती. त्याच दमात ती निजामाच्या राज्यातल्या रझाकारांवर यायची. तेव्हा ती परकरातली पोर होती. दिवस मावळायच्या आत चुली विझवायच्या, दागिने गाडग्यात घालून गोठ्यात पुरायचे, बायापोरांना सीना ओलांडून नगरकडच्या पाहुण्यांकडे धाडायचं. मग बहात्तरचा दुष्काळ. तिथून पुढे सगळं आमच्या वडिलांच्या आठवणीतलं.

नाथ आणि रझाकार यांच्यामध्ये मात्र काहीच नसायचं. "मधी कोण व्हतं गं आजी?" असं विचारलं की ती म्हणायची, "मधी आपलीच माणसं व्हती की. शेती करत व्हती."

हे आमच्याच घरात घडतं असं मला पुष्कळ दिवस वाटत होतं. पण यान व्हान्सिना हा बेल्जियन इतिहासकार 1950 च्या दशकात काँगोतल्या कुबा लोकांत राहिला, पुढे रवांडात त्याने काम केलं, आणि तिथल्या म्हाताऱ्यांच्या तोंडून त्याने हेच ऐकलं. आरंभाच्या गोष्टी भरपूर, बापआज्यांच्या भरपूर, मधलं रिकामं. 1985 च्या आपल्या पुस्तकात त्याने या रिकाम्या जागेला 'सरकती पोकळी' म्हटलं. सरकती अशासाठी, की ती एका सालाला बांधलेली नसते. पिढी पुढे सरकली की पोकळीही मागोमाग येते आणि कालपर्यंत जे घराघरांत सांगितलं जात होतं ते गिळते. यान आसमान या जर्मन अभ्यासकाने तोंडी आठवणीचं आयुष्य ऐंशी ते शंभर वर्षांचं धरलं आहे. म्हणजे तीन-चार पिढ्या. मला हा गोष्टींच्या काळाचा नियमच वाटतो, आणि आष्टीत तो पावलोपावली पडताळून पाहता येतो.

शेजारच्या जामखेड तालुक्यात खर्डा आहे. 11 मार्च 1795 रोजी तिथे पेशव्यांची आणि निजाम अली खानाची लढाई झाली. शिंदे, होळकर, भोसले असे मोठे सरदार पेशव्यांच्या बाजूने एकत्र लढल्याचा तो शेवटचा मोठा प्रसंग. निजामाला खर्ड्याच्या किल्ल्याचा आसरा घ्यावा लागला, आणि पुढे तह. त्यावर बखर आहे, पत्रव्यवहार आहे. एवढ्या फौजा या मुलखात उतरल्या म्हणजे किती कणग्या रित्या झाल्या असतील, किती विहिरी तळाला गेल्या असतील! आजीच्या गोष्टीत खर्डा यायचा तो केवळ सोयरीक जमलेलं गाव म्हणून. लढाई पोकळीत गेली होती.

पोकळीच्या कडेला काळ दुमडतोही. डेव्हिड हेनिगे या अभ्यासकाने 1974 साली दाखवलं, की तोंडी परंपरेत अनेक राजे मिळून एक राजा होतो. आजीचा 'निजाम' तसाच होता: अमाप श्रीमंत, पण फाटकी टोपी घालणारा. हा तर सातवा, मीर उस्मान अली खान. 1724 पासून 1948 पर्यंतची सव्वादोनशे वर्षं त्या एका टोपीखाली मावली होती.

ही पोकळी भरायची कशी, हे मला आमच्या पत्र्याच्या पेटीतल्या एका कागदाने शिकवलं. सारा भरल्याची ती पावती होती, सन 1340 फसली. निजामाच्या राज्यात फसली साल ऑक्टोबरात सुरू व्हायचं. त्यात 590 मिळवले की इसवी सन निघतो, म्हणजे हे साल 1930-31 चं. आजेसासऱ्यांनी बैलजोडी विकून सारा भरला, असं आजी सांगायची. कुठल्या साली, ते तिला ठाऊक नव्हतं. पावतीवर साल होतं, पण बैल नव्हते. दोन्ही शेजारी ठेवले तेव्हा कळलं, की ती जगभरच्या मंदीची सालं. धान्याचे भाव कोसळले होते, सारा मात्र रोख भरायचा होता. आमच्या गोठ्यातली जोडी न्यूयॉर्कपासून सुरू झालेल्या त्या घसरणीत गेली असावी, हे ना नुसत्या गोष्टीने सांगितलं असतं, ना नुसत्या कागदाने.

आता पोकळी बहात्तरकडे सरकते आहे. त्या दुष्काळातून रोजगार हमीला बळ मिळालं, 1977 साली तिचा कायदा झाला, हे पुस्तकांत सापडतं. आजी सांगायची ते तिथे सापडत नाही. दुष्काळी कामावर खडी फोडताना टायरच्या रबराचं कडं करायचं, दगड त्यात धरायचा आणि मग हातोडी घालायची, म्हणजे कपची डोळ्यात उडत नाही. पोर झाडाखाली झोळीत. दुपारी सुकडी मिळाली तर ती अर्धी पदरात बांधून घरी न्यायची. मिलो ज्वारीची भाकरी तांबडी व्हायची आणि थापताना चिरायची, म्हणून पाणी चांगलं कढवून पीठ मळायचं. तिच्या कामाची खूण हजेरीपटावर अंगठ्यापुरती. तेव्हा पंचविशीत असलेल्या बाया आज पंचाहत्तरी ओलांडून गेल्या आहेत.

23 सप्टेंबर 2022 रोजी आष्टीला नगरहून पहिली रेल्वे आली, आणि 17 सप्टेंबर 2025 रोजी, मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनी, ती बीडपर्यंत गेली. या रेल्वेची वाट बघण्यात कितीतरी माणसांचा जन्म गेला. आज रुळांशेजारी वाढणाऱ्या पोरांना ती वाट बघणं कुणी सांगितलं नाही, तर तेही जाईल.

म्हणून घरात म्हातारं माणूस असेल तर आजच शेजारी बसावं. ते "रझाकाराच्या आधी" म्हणालं तर तसंच लिहून घ्यावं, आपलं साल त्याच्यावर लादू नये. कोणी सांगितलं, त्यांनी कोणाकडून ऐकलं, हे खाली टिपावं. मग पेटीतली पावती, तहसिलातलं 1954 चं खासरा पाहणी पत्रक, मोडी किंवा उर्दू वाचणारा जाणकार गाठावा आणि दोन्ही ताडून पाहावं. नाथांना भक्त आहेत, निजामाला इतिहासकार आहेत. शेती करत राहिलेल्या मधल्या माणसांना आपल्यावाचून दुसरं कुणी नाही.