नळीचे अभ्यंगस्नान

दिवाळीत आपण आधी तेल लावतो, मग कढत पाणी घेतो. रिव्हॉल्व्हरच्या नळीचे नेमके उलटे, असे आमचे निवृत्त फौजदार मामा सांगत. सॅम्युअल कोल्टने १८३६ साली अमेरिकेत पेटंट घेतले, तेव्हा दारू काळी होती. बार उडाला की नळीत काजळी आणि मिठाच्या भाऊबंदांसारखे क्षार उरत. ते ओलावा ओढत आणि नळी गंजे. क्षार विरघळतात पाण्यात, तेलात नव्हे! म्हणून आधी कढत पाणी, मग गजाला कोरडी चिंधी, शेवटी तेल. १८८४ साली फ्रान्समध्ये पॉल व्हिएयने बिनधुराची दारू काढली. काजळी घटली, पण काडतुसाच्या टोपीतले क्षार पुढेही छळत राहिले.

"आधी तेल लावलंस, तर गंज त्याखाली संसार थाटतो!" मामा म्हणत.

शिपायाने खाल्ल्या मिठाला जागावे म्हणतात. बिचाऱ्याला नळीतल्या मिठासाठीही जागावे लागे.