कॉड गेला तो कुणामुळे?

१४९७ साली दर्यावर्दी जॉन कॅबट इंग्लंडमधल्या ब्रिस्टलहून ‘मॅथ्यू’ जहाजातून उत्तर अटलांटिक ओलांडून उत्तर अमेरिकेच्या किनाऱ्याला आला. त्याच वर्षी लंडनमधल्या मिलानच्या राजदूतानं मायदेशी कळवलं, की त्या समुद्रात मासे एवढे आहेत, की टोपलीला दगड बांधून खाली सोडली तरी ती भरून वर येते. तो मासा म्हणजे कॉड. थंड पाण्यात तळाजवळ वावरणारा, हनुवटीखाली एकच मिशी असलेला. आपल्याकडच्या पिढ्यान्‌पिढ्यांनी नाक मुरडत चमचाभर कॉडलिव्हर ऑइल प्यायलं, ते याच्याच काळजाचं.

कॅनडाच्या पूर्व किनाऱ्यावरच्या न्यूफाउंडलंडची वस्ती या माशावर उभी राहिली. मी तिथल्या सेंट जॉन्सला राहते. शेजारच्या आजी लहानपणी किनाऱ्यावर मासे सुकवायच्या. त्यांच्याकडून ऐकलेलं कुठल्याही संग्रहालयात इतकं स्पष्ट दिसत नाही. होडी धक्क्याला लागली की एकजण गळा चिरायचा, दुसरा डोकं मोडून आतडी काढायचा आणि काळीज तेलाच्या पिंपात टाकायचा. तिसरा, सगळ्यांत कसबी, दोन-तीन घावांत पाठीचा काटा उपसून मासा पुस्तकासारखा उघडा करायचा. मग मीठ. खार मुरला की मासे धुऊन बायका-मुलं ते लाकडी मांडवांवर पसरायची. ऊन कडक झालं तर मांस भाजून निघे, धुकं आलं तर बुळबुळीत होई. म्हणून आभाळाकडे डोळे लावून बसायचं, सर आली की धावत जाऊन सगळे गोळा करायचे, ढीग रचून वर झाडाच्या साली घालायच्या. आमच्याकडे वसई-वर्सोव्याला बोंबील वाळवणाऱ्या कोळणींना हे सांगायला नको.

हंगामाच्या शेवटी व्यापाऱ्याचा माणूस एकेक मासा हातात घेऊन प्रत लावायचा. उत्तम माल स्पेन, पोर्तुगालला. सगळ्यांत हलका वेस्ट इंडीजला, एके काळी उसाच्या मळ्यांतल्या गुलामांच्या पोटासाठी. पैसा मात्र कोळ्याच्या हाती क्वचितच पडे. वसंतात व्यापारी पीठ, चहा, काकवी, दोर, मीठ उचल म्हणून द्यायचा. शरदात मासे घेऊन ती वळती करायचा. दोन्हींचा भाव तोच ठरवणार. कर्ज बापाकडून मुलाकडे जाई. या पिळवणुकीचं दुःख मला आहेच, पण एक खरं, की गळ आणि किनाऱ्याजवळची जाळी एवढ्यावर साडेचारशे वर्षं धंदा चालला आणि मासा टिकला.

१९५४ मध्ये ‘फेअरट्राय’ हा ब्रिटिश कारखाना-ट्रॉलर आला. तळ खरवडणारं जाळं आणि जहाजावरच मासा कापून गोठवायची सोय. मागून सोव्हिएत, जर्मन, स्पॅनिश, पोर्तुगीज जहाजं आली. १९६८ मध्ये उत्तरेकडच्या कॉडची पकड ८ लाख टनांवर गेली. दहा वर्षांत ती दीड लाखाच्याही खाली आली. १९७७ मध्ये कॅनडानं २०० मैलांची हद्द आखून परदेशी जहाजं बाहेर काढली. आणि त्यांच्या जागी स्वतःचे ट्रॉलर उतरवले!

ऐंशीच्या दशकात किनाऱ्यावरचे कोळी सांगत होते, मासा लहान येतोय, कमी येतोय. त्यांचं कुणी मनावर घेतलं नाही. सरकारी शास्त्रज्ञांचा हिशोब बराचसा ट्रॉलरच्या पकडीवर बेतलेला होता. कॉड थोडा उरला की घोळका करून राहतो आणि यंत्रं लावून ट्रॉलर नेमका तो घोळका गाठतो. त्यामुळे समुद्र रिकामा होत आला तरी त्याचं जाळं भरलेलंच. किनाऱ्यावरच्या माणसाला मासा आपणहून यावा लागतो. तो आला नाही हे त्याला आधी कळतं. कोळ्यांची संघटना सरकारविरुद्ध कोर्टातही गेली, उपयोग झाला नाही.

२ जुलै १९९२ रोजी कॅनडाचे मत्स्यमंत्री जॉन क्रॉस्बी यांनी सेंट जॉन्सच्या एका हॉटेलात कॉडच्या मासेमारीवर बंदी जाहीर केली. बाहेर संतापलेले कोळी दार फोडू पाहत होते. सुमारे ३० हजार माणसांचं काम गेलं. बंदी दोन वर्षांची म्हणून सांगितली होती. गावंच्या गावं ओस पडली. आजींची मुलं कामासाठी अल्बर्टा प्रांतात गेली, ती तिथलीच झाली.

बंदी उठली जून २०२४ मध्ये. त्या वर्षासाठी १८ हजार टनांची परवानगी मिळाली आणि त्यात खोल समुद्रातल्या ट्रॉलरनाही पुन्हा वाटा दिला. किनाऱ्यावरच्या कोळ्यांनी लगेच विरोध केला. माझ्या मते या वेळी तरी त्यांचं ऐकायला हवं होतं. ट्रॉलरला एक मासासुद्धा द्यायला नको होता.